घडी

आमच्या बेटावरून सूर्य नोव्हेंबरात जातो तो जातोच.
जाण्याआधीच्या शेवटच्या दुपारी
सगळे होड्यांच्या खोपटाशी उभे राहतात, मोजे काढून,
आणि मी बोथट सुरीनं (हेरिंग साफ करायची तीच)
टाचांपासून सावल्या सोडवून घेते.
दुखत नाही. खाजतं, थंडीनं सुजलेल्या बोटासारखं.
म्हातारा ओडमुन दरवर्षी बजावतो,
सांभाळून गं, यंदा गुडघ्यापाशी विरलीय.

मग घड्या. लोकरीच्या शालींसारख्या,
कसर लागू नये म्हणून मधे वाळलं शेवाळ,
आणि वर दोरीची गाठ, ज्याची त्याची वेगळी.
एकेचाळीस घड्या, एक डांबरी वासाची पेटी.
किल्ली माझ्या गळ्यात. आधी बोर्गनीआत्याच्या गळ्यात होती.

काळोखात आमच्याकडे कुणी शब्द देत नाही.
बिनसावलीच्या माणसाचा शब्द धरत नाहीत.
लग्नं ठरत नाहीत, उधारी लिहीत नाहीत,
उद्या येतो, असंसुद्धा म्हणायचं नाही,
म्हणायचं, आलो तर आलो.

आयलिफ तेच म्हणून होडीत बसला.

नाताळाला नऊ दिवस होते.
रात्री पेटीखाली ठिबकण्याचा आवाज आला.
मला वाटलं, छप्पर.
कंदील धरला. छप्पर कोरडं.
एकच घडी भिजली होती, दुहेरी गाठीची.
बोट लावून चाखलं.
खारट.

जानेवारीच्या शेवटी दोन सुळक्यांच्या फटीत
सूर्य येतो, चार मिनिटं.
तेवढ्यात बर्फावर अनवाणी यायचं,
काळोखात आपण केलेली, कुणी न पाहिलेली
एक गोष्ट मोठ्यानं सांगायची.
खरी असली तर सावली टाचेला धरते.
खोटी असली तर ओल्या कागदासारखी घसरून पडते.
एकेचाळीस माणसं, चार मिनिटं.
आमची माणसं थोडक्यात बोलतात ती यामुळेच.

सुनिवा म्हणाली, माशाचं तेल मी कुत्र्याला पाजलं.
धरली.
ओडमुन म्हणाला, मी एकटाच नाचलो.
धरली, गुडघ्यापाशी जरा सैल.
थोरलाक म्हणाला, मी काहीच केलं नाही.
घसरली. पुन्हा विचारलं.
मी भावाचं पत्र जाळलं, न वाचता.
धरली.

हाल्दिस आली. नवऱ्याच्या जागेकडे न बघता म्हणाली,
मी हातमोज्याची जोडी पुरी केली, पोचणार नाही असं वाटत असताना.
धरली.

शेवटी मी. पेटीवाल्यांनाही सुटका नाही.
पायाखालचा बर्फ काचेसारखा,
फटीतला उजेड कडेला आलेला.
म्हटलं, मला त्याच रात्री कळलं होतं.
हाल्दिस, मी तीन दिवस तुला सांगितलं नाही.
तुझ्या दारावरून जात होते, खिडकीत सुया दिसत होत्या,
चुलीवर दोन माणसांची कॉफी.
माझ्यानं झालं नाही.

टाचेला काहीतरी चिकटल्याचं जाणवलं.
मान वर झाली नाही.

ती बराच वेळ गप्प होती, म्हणजे असेल दहा सेकंद,
पण चारातली दहा.
मग म्हणाली, दुसरा मोजा त्या तीन दिवसांत झाला.
एवढंच.
माफ केलं, असं नाही म्हणाली.
मीही विचारलं नाही.

सूर्य गेला. सगळे कुरकुरत बूट शोधू लागले.
पेटीत एक घडी उरली होती, जड, थंड.
रिवाज आहे, उरलेली समुद्रात सोडायची.
हाल्दिसनं हात पुढे केला.
घडी तिनंच मोडली, नव्या कपड्याची मोडतात तशी,
एका फटक्यात झटकून,
आणि वाळत घातलेल्या कॉडच्या रांगेत,
वरच्या दांडीवर टाकली.
दोन बाह्या खाली लोंबत राहिल्या.
टोकांना तिनं मोजे अडकवले.

अजून निथळतेय.
उद्या उजेड सात मिनिटं असेल.